चोरी झाली म्हटल्यावर माझे पाय आधी त्याच मुलाकडे का वळले?

खडूफळा:

नमस्कार सगळ्यांना. बरेच दिवस इथे नुसतं वाचते, लिहायची ही पहिलीच वेळ, लांबलं तर सांभाळून घ्या.

मी अहिल्यानगर जिल्ह्यातल्या एका जिल्हा परिषद शाळेत सहावीला शिकवते, नोकरीला चौदा वर्षं झाली. वर्गात एकतीस मुलं. त्यातला एक फासेपारधी समाजातला, गावाबाहेर गायरानात त्यांची चार-पाच पालं आहेत तिथून येतो. इथे त्याला राजू म्हणते, खरं नाव हे नाही. त्या वस्तीवरून पहिलीपासून शाळेत टिकलेला हा एकटाच. गणितात बरा आहे, कविता चालीवर म्हणायला सगळ्यात पुढे. मला त्याचं कौतुक आहे, आणि हे मी आज स्वतःची बाजू सावरायला म्हणत नाहीये, खरंच आहे.

गेल्या गुरुवारी सहलीचे पैसे गोळा करत होते. ३,४०० रुपये झाले, रबर लावून टेबलावर ठेवले. तेवढ्यात ऑफिसातून बोलावणं आलं, कसलीतरी ऑनलाइन माहिती आत्ताच्या आत्ता भरून पाठवायची होती, गेले आणि पंधरा-वीस मिनिटांनी परत आले. तास सुरू केला आणि लक्षात आलं की पैसे नाहीत. खण बघितला, पर्स बघितली, नाहीत. वर्गाला विचारलं कोणी पैसे पाहिले का. कोणी बोललं नाही पण सगळ्यांच्या माना एकाच बाकाकडे वळल्या. आणि मीही तिकडेच चालायला लागले. ठरवून नाही हो, पाय निघालेच.

पुढचं मला जास्त लागलंय. मी त्याच्या बाकापाशी पोचायच्या आधीच, मी एक अक्षर बोललेले नसताना, तो उठला आणि त्याने स्वतःच दप्तर बाकावर उलटं केलं. प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेल्या दोन वह्या, बोटाएवढी उरलेली पेन्सिल, फडक्यात बांधलेली अर्धी भाकरी, तितराचं एक पीस. मग पँटच्या दोन्ही खिशांची अस्तरं बाहेर ओढून दाखवली. रडला नाही, चिडला नाही. रोजचं काम करावं तसं केलं त्याने. अकरा वर्षांचं पोर आहे ते.

पैसे हजेरीपटाच्या खाकी कव्हरात होते. ऑफिसात जाताना मीच घाईत सरकवले होते. मधल्या सुट्टीत हजेरीपट उघडला तेव्हा सापडले. मी वर्गात म्हटलं "पैसे सापडले बरं का" आणि पुढचा धडा घेतला. एवढंच. त्याला काहीच म्हटलं नाही. शुक्रवारपासून तो शाळेत आलेला नाही.

आमच्या घरी जातपात पाळली नाही, वडील सेवा दलाच्या शिबिरांना जाणारे, मी स्वतः समतेवरचे धडे मनापासून शिकवते. मग हे माझ्या आत कुठून आलं? मी मुळात तशीच आहे आणि वरवर चांगली वागते असं आहे का? मानसशास्त्रातलं कोणी असेल तर सांगा, समजूत काढू नका, खरं सांगा. आणि आता मी काय करू तेही सांगा.

निवांत_सातारकर:

ताई, एवढं मनाला लावून घेऊ नका. एकतीस पोरांचा वर्ग, वरून त्या ऑनलाइन माहितीचा ससेमिरा, पैसे हरवल्यावर कोणाचंही डोकं ठिकाणावर राहत नाही. तुम्ही त्याला ओरडला नाहीत, मारलं नाहीत. पोरं विसरतात, दोन दिवसांनी येईल बघा.

अनघा_ना:

सातारकर, तुम्ही धीर द्यायला लिहिलंय हे कळतं पण "पोरं विसरतात" हे मला पटत नाही, त्यावर खाली येते. मी कॉलेजात सामाजिक मानसशास्त्र शिकवते, ताईंनी खरं सांगा म्हटलंय म्हणून जरा सविस्तर लिहिते.

आधी तीन गोष्टी वेगळ्या करू कारण रोजच्या बोलण्यात त्या एकात एक मिसळतात. "पारधी म्हणजे चोर" हे डोक्यात आयतं असलेलं चित्र म्हणजे साचा. त्या माणसाबद्दल जी भीती, तिटकारा, अढी मनात असते तो पूर्वग्रह. आणि सगळ्या वर्गातून त्याच्याच बाकाकडे चालत जाणं हा भेदभाव. तिन्ही कायम हातात हात घालून येतात असं नाही. तुम्ही लिहिलंय त्यावरून त्या मुलाबद्दल तुमच्या मनात अढी दिसत नाही, माया दिसते. पण साचा आहे आणि भेदभाव घडला. अढी नसतानाही घडला, म्हणूनच तुम्हाला त्याचा उलगडा होत नाहीये.

साचा म्हणजे इंग्रजीतला स्टिरिओटाइप, आणि तो शब्द छापखान्यातला आहे. पूर्वी खिळे जुळवून पान तयार झालं की त्यावरून धातूची अखंड प्लेट ओतायचे आणि मग हजारो प्रती त्याच प्लेटवरून काढायचे, दर वेळी खिळे जुळवत बसायला नको. वॉल्टर लिपमन नावाच्या अमेरिकन पत्रकाराने १९२२ मध्ये हा शब्द माणसाच्या डोक्यातल्या चित्रांसाठी वापरला. त्याचं म्हणणं होतं की आपण आधी बघतो आणि मग ठरवतो असं बहुतेक वेळा नसतंच, आधी ठरवतो आणि मग बघतो.

आता तुमचा प्रश्न, मी आतून तशीच आहे का. १९८९ मध्ये पॅट्रिशिया डिव्हाइन या संशोधिकेने गोऱ्या अमेरिकन विद्यार्थ्यांवर काम केलं. ज्यांच्यात काळ्या लोकांबद्दल पूर्वग्रह जास्त होता आणि ज्यांच्यात कमी होता, त्या दोघांनाही समाजातले साचे सारखेच माहीत होते. म्हणजे साचा सगळ्यांच्या डोक्यात पोचलेला असतो, लहानपणी "जेव नाहीतर पारधी धरून नेईल" असं ऐकलेलं असतं तेव्हा ते खरं की खोटं हे ठरवायचं आपलं वयच नसतं. फरक पुढे पडतो. ज्यांना तो साचा पटत नाही ती माणसं त्याला बाजूला सारून स्वतःच्या विचाराने वागतात, पण त्यासाठी क्षणभर थांबायला लागतं. घाईत, ताणात, डोक्यात ऑफिसची माहिती घोळत असताना ते थांबणं होत नाही आणि साचा आधी पोचतो. तेव्हा ताई, तुम्ही ज्या गावात वाढलात ते गाव तुमच्या आत आहे आणि तुमचे विचारही तुमचेच आहेत, यातलं कुठलंच खोटं नाही. फक्त त्या पंधरा सेकंदांत काय वरचढ होईल हे चांगुलपणावर ठरत नाही.

आता पोरं विसरतात का. कार्ला हॉफ आणि प्रियांका पांडे यांनी उत्तर प्रदेशातल्या गावांमध्ये सहावी-सातवीच्या मुलांना चक्रव्यूहातून वाट शोधायची कोडी सोडवायला दिली, पैसे मिळणार होते म्हणून मुलं जीव लावून सोडवत होती. जात कोणाची काय हे बोललं गेलं नाही तेव्हा वरच्या आणि खालच्या मानलेल्या जातींच्या मुलांत म्हणण्यासारखा फरक नव्हता. मग दुसऱ्या गटांमध्ये खेळाआधी प्रत्येकाचं नाव, गाव, वडिलांचं नाव आणि जात सगळ्यांसमोर वाचून दाखवली. तेवढ्याने खालच्या मानलेल्या जातींच्या मुलांची कोडी कमी सुटली. मुलं तशीच, कोडी तशीच, मध्ये एक वाक्य आलं. तुमच्या वर्गात तर तेही मोठ्याने बोलावं लागलं नाही, तीस माना वळल्या.

आणि एक गोष्ट शिक्षक म्हणून जाणून घ्या. डार्ली आणि ग्रॉस, १९८३, प्रिन्स्टन. विद्यार्थ्यांना हॅना नावाच्या मुलीचा व्हिडिओ दाखवला, काहींना ती गरीब वस्तीत राहते असं दिसलं, काहींना श्रीमंत. ज्यांनी तेवढाच व्हिडिओ बघितला ते तिच्या हुशारीबद्दल वेगळं बोलायला धजावले नाहीत. पण ज्यांना पुढे तिने तोंडी परीक्षेत उत्तरं दिल्याचा व्हिडिओही दाखवला, दोघांनाही तोच, काही उत्तरं बरोबर काही चूक, त्यांच्यात फूट पडली. श्रीमंत घर बघितलेल्यांना ती हुशार वाटली, गरीब घर बघितलेल्यांना कच्ची, आणि दोघंही त्याच परीक्षेकडे बोट दाखवत होते. मला हा प्रयोग दर वर्षी शिकवताना अस्वस्थ करतो. पुरावा समोर आला की साचा गळून पडेल असं आपण धरून चालतो, इथे साच्याने पुरावाच आपल्या सोयीने वाचला.

बांधावरून:

कोणाला राग येईल पण मनापासून विचारतोय, भांडायला नाही. आमच्या भागात मोटारी, केबल, शेळ्या चोरीला जातात आणि पोलीस पकडतात तेव्हा पेपरात नाव त्याच समाजाचं येतं. आमच्याच दोन शेळ्या पोळ्याच्या आधी गेल्या, एक गाभण होती. मग माणसाने अनुभवावरून शिकायचंच नाही का? सगळे तसे नसतात हे मान्यच आहे पण आगीशिवाय धूर निघत नाही.

सेटलमेंटचा_पोरगा:

राजूने खिशाची अस्तरं बाहेर काढली तिथपर्यंत वाचलं आणि मोबाईल खाली ठेवला. आज तीन तासांनी परत उचललाय.

मी पारधी नाही, कैकाडी आहे, सोलापूरचा. आमच्या भागाला आजही सगळे सेटलमेंटच म्हणतात, रिक्षावाल्याला तेवढं सांगितलं की बास. नवीन पिढीला वाटतं कुठल्यातरी बिल्डरने ठेवलेलं नाव असेल. ते नाव इंग्रजांच्या १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्यातून आलंय, या जमातींना पहाऱ्यात ठेवायच्या वसाहतीला सेटलमेंट म्हणायचे. या कायद्याने गुन्हेगार ठरायला माणसाला गुन्हा करावा लागत नव्हता, त्या जमातीत जन्माला आलं की झालं. नाव नोंदवहीत, पुढे बोटांचे ठसेसुद्धा, ठरलेल्या वेळी हजेरी, दुसऱ्या गावी मयताला जायचं तरी पास. आजोबा सांगायचे, सेटलमेंटला तारेचं कुंपण होतं आणि हजेरीला उशीर झाला की फटके. ते म्हातारपणी अंथरुणाला खिळले होते ना तेव्हासुद्धा संध्याकाळी कोणी मोठ्याने नाव घेतलं की "हजर" म्हणायचे. आम्ही लहान होतो, हसायचो. आता नाही हसू येत.

आणि या जमाती निवडल्या कशा, तर फिरणारी माणसं संशयित धरून. आमचे लोक गाढवांवर मीठ-धान्य वाहायचे, टोपल्या विणायचे. रेल्वे आली, माल गाडीने जायला लागला, गाढवावरच्या माणसाला कोणी विचारीना. धंदा गेला पण फिरणं राहिलं. साहेबाने बघितलं, याला घर नाही, शेत नाही, मग हा खातो काय, चोरीच करत असणार. कायदा मांडताना युक्तिवाद असा होता की या देशात सुताराचा पोरगा सुतार होतो तसा चोराचा पोरगा चोरच होणार. पारध्यांचं तर अजून वेगळं, फासे लावून तितर-लावे धरायचे, ससे धरायचे, पोट त्यावर. १९७२ च्या वन्यजीव कायद्याने शिकार गुन्हा झाली, ते जंगलासाठी बरोबरच असेल पण यांनी त्यानंतर करायचं काय हे कोणी सांगितलं नाही.

३१ ऑगस्ट १९५२ ला तो कायदा गेला, म्हणून आम्ही ३१ ऑगस्टला विमुक्त दिन करतो. देश सुटला त्याच्यानंतर पाच वर्षांनी आम्ही सुटलो. पण कागदावरचा शिक्का पुसला तरी पोलीस स्टेशनातला आणि गावाच्या तोंडातला राहिलाच, शिवाय राज्याराज्यांत सराईत गुन्हेगारांचे कायदे आले ते पहिल्यांदा आमच्याच दारात. अगदी परवा, ३ ऑक्टोबर २०२४ ला सुप्रीम कोर्टाने तुरुंगांच्या नियमांतल्या जातीभेदावर निकाल दिला तेव्हा विमुक्त जमातींच्या माणसांना मनमानी अटक करू नका असं पोलिसांना सांगावं लागलं. २०२४ ला.

बांधावरून दादा, तुमच्या शेळ्या गेल्या त्याचं वाईट वाटतं, गाभण शेळी म्हणजे काय हे मला माहितीये. पण धुराचं म्हणाल तर राईनपाडा आठवा. धुळे जिल्हा, १ जुलै २०१८, आठवडी बाजाराचा दिवस. नाथपंथी डवरी गोसावी समाजाची पाच माणसं, बहुतेक मंगळवेढ्याकडची, भिक्षा मागत फिरणारी. मुलं पळवणारी टोळी आलीय असे मेसेज व्हॉट्सॲपवर फिरत होते. गावाने धरली, ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडली आणि पाचही जणांना मारून मारून जीव घेतला. तिथे धूर भरपूर होता दादा. आग कुठे होती?

ताई, तुम्हाला एकच सांगतो. मी आज नोकरी करतो, ईएमआय भरतो, तरी दुकानात शिरलो की हात आपोआप पाठीमागे बांधले जातात आणि बिल मी गेटच्या बाहेर पडेपर्यंत मुठीत धरतो, खिशात टाकत नाही. बायको म्हणते काय हे, मी म्हणतो असू दे. हे मला कोणी बसवून शिकवलं नाही. पाचवीत वर्गात कंपासपेटी हरवली होती, त्या दिवशी शिकलो. आणि आठवीत एका गुरुजींनी प्रयोगशाळेची किल्ली माझ्याकडे दिली, का तर मी वेळेवर येतो म्हणून, बाकी काही बोलले नाहीत. तीन वर्षं ती किल्ली करदोट्याला बांधलेली होती. या दोन गोष्टी मी कधीच विसरलो नाही. फक्त तुम्ही आता घाईघाईने राजूला कसलीतरी किल्ली देऊ नका, चुकीची भरपाई म्हणून दिलेली किल्ली पोराला बरोबर कळते.

अनघा_ना:

सेटलमेंटचा_पोरगा, तुमचं वाचल्यावर मी जे लिहिणार होते ते थोडं लहान वाटतंय, तरी बांधावरून यांच्या प्रश्नाला उत्तर द्यायला हवं कारण तो प्रश्न प्रामाणिक आहे आणि माझ्या वर्गातही दर वर्षी कोणीतरी विचारतंच.

अनुभवावरून शिकणं चूक नाही, पण आपला अनुभव मोजायचं डोकं या कामात कच्चं आहे. हॅमिल्टन आणि गिफर्ड यांनी १९७६ मध्ये लोकांना वाक्यं वाचायला दिली, अ गटातल्या माणसाने असं केलं, ब गटातल्याने तसं. अ गटाची २६ वाक्यं, त्यात १८ चांगली ८ वाईट. ब गटाची १३, त्यात ९ चांगली ४ वाईट. हिशोब करून बघा, प्रमाण तंतोतंत सारखं. तरी वाचणाऱ्यांना ब गट जास्त वाईट वाटला आणि वाईट कृत्यं त्याच्या नावावर जास्त आठवली. कारण छोटा गट मुळात नजरेत भरतो, वाईट कृत्यही नजरेत भरतं, आणि दोन्ही एकत्र आलं की डोक्यात गाठ बसते. गटांना नावंसुद्धा नव्हती तिथे, कोणाचा कोणाशी वैरभाव नव्हता, नुसती संख्या कमी होती.

आता यात आपल्याकडचं घाला. इतर कोणी चोरी केली तर पेपरात वय आणि गाव येतं, पारधी असला तर मथळ्यात जात येते. चोरी झाली की पोलीस आधी पालावर जातात, जिथे जाळं टाकाल तिथलेच मासे लागणार, आणि मग त्याच अटकांचा आकडा पुढच्या वेळी तिथे जायचं कारण होतो. ज्या चोऱ्यांचा तपास लागतच नाही त्या कोणी केल्या हे कुठल्याच पेपरात येत नाही. आणि ज्या मुलाला कोणी कामावर ठेवत नाही, जमीन नाही, जातीचा दाखला काढायला जुने कागद नाहीत, त्यातला एखादा पुढे खरंच चोरी करतो तेव्हा आपण म्हणतो बघा, म्हणत नव्हतो?

बांधावरून:

ताई, दादा, वाचलं सगळं. एक सांगतो. शेळ्या गेल्या तेव्हा पोलिसांनी विचारलं संशय कोणावर, मी वस्तीवरच्या दोघांची नावं दिली. त्यांना दोन दिवस बसवून ठेवलं होतं. बघितलं कोणीच नव्हतं, मीही नाही. शेळ्या अजून मिळालेल्या नाहीत.

फळ्यापुढे_३४_वर्षं:

मी कोल्हापूर जिल्ह्यातला निवृत्त मुख्याध्यापक. खडूफळा बाई, तुम्ही इथे हे उघडपणे लिहिलंत, मला माझ्या नोकरीतले दोन-तीन प्रसंग आठवले जे मी कधीच कुठे बोललो नाही.

आता काय करायचं ते. तो शाळेत यायची वाट बघत बसू नका, तुम्ही जा. एकट्या जा. केंद्रप्रमुख, सरपंच, शाळा व्यवस्थापन समिती असा लवाजमा नको, चारचाकीतून तर अजिबात नको, पालावर गाडी थांबली की त्यांना एकच गोष्ट वाटते. त्याला सांगा माझं चुकलं, आणि कशात चुकलं तेही सांगा, "गैरसमज झाला" असलं गुळमुळीत नको. मग वर्गात, जिथे तो उभा राहिला होता तिथेच उभं राहून, तीस जणांसमोर तेच परत बोला. झालं ते सगळ्यांसमोर झालं, तर माफी कोपऱ्यात नेऊन मागता येणार नाही. पण त्याला आधी विचारा, वर्गात बोललेलं चालेल का. नाही म्हणाला तर त्याचं नाव न घेता स्वतःची चूक सांगा.

दुसरं, नियम करा. मी चांगली आहे, पुढच्या वेळी असं करणार नाही, यावर विसंबू नका बाई. या वर्गात कोणाचंही दप्तर कधीच तपासलं जाणार नाही. काही हरवलं तर आधी बाईंचा खण, बाईंची पर्स, बाईंचा हजेरीपट सगळ्यांसमोर बघायचा, मग बाकीचं. पैसे टेबलावर ठेवायचेच नाहीत. नियम फळ्याच्या कोपऱ्यात लिहून ठेवा, पुसू नका. घाईत आपण काय करू याची खात्री नसते, नियम घाईतही तसाच असतो.

आणि वळलेल्या त्या तीस माना. त्यांना भाषण देऊ नका, भाषणाने पोरं जांभया देतात. आम्हाला एका प्रशिक्षणात अमेरिकेतल्या टेक्सासची गोष्ट सांगितली होती, एलियट अॅरनसन नावाचे प्राध्यापक, १९७१, ऑस्टिन शहर. काळी, गोरी, मेक्सिकन मुलं नुकतीच एका वर्गात आणून बसवलेली, आणि रोज मारामाऱ्या. त्यांनी धड्याचे पाच-सहा तुकडे केले आणि पाच-सहा मुलांच्या गटात प्रत्येकाला एकच तुकडा दिला. तो त्याने शिकायचा आणि बाकीच्यांना शिकवायचा, परीक्षा मात्र सगळ्यांची सगळ्या धड्यावर. म्हणजे ज्याला काल हसत होतो त्याचं आज कान देऊन ऐकावंच लागतं, नाहीतर आपलेच मार्क जातात. मी इतिहासाच्या पाठांना करून बघितलं, पहिले दोन आठवडे नुसता गोंगाट, तुम्हाला वाटेल सोडून द्यावं. सोडू नका. आणि पोरांना खेळवताना गट सरमिसळ करा, वस्ती विरुद्ध गाव असा सामना कधीच लावू नका.

अनघा_ना:

गुरुजी, तुमच्या शेवटच्या वाक्याला आधार आहे म्हणून सांगते. मॅट लो यांचा अभ्यास २०२१ मध्ये छापून आला, उत्तर प्रदेशात वेगवेगळ्या जातींच्या तरुणांच्या क्रिकेट लीग भरवल्या होत्या. कोण कोणाच्या टीममध्ये हे चिठ्ठ्या टाकल्यासारखं ठरवलं. दुसऱ्या जातीची मुलं ज्यांच्या टीममध्ये होती त्यांची जातीबाहेरची मैत्री वाढली, ज्यांच्या समोर होती त्यांच्यात उलटा परिणाम झाला. गॉर्डन ऑलपोर्टने १९५४ मध्येच लिहिलं होतं की नुसतं जवळ आणून भागत नाही, दर्जा बरोबरीचा हवा, काम एकत्र हवं, उद्दिष्ट एक हवं आणि वरच्यांचा पाठिंबा हवा. वर्गात वरचे म्हणजे ताई, तुम्हीच.

खडूफळा:

सगळ्यांचे मनापासून आभार. काय झालं ते सांगते.

रविवारी सकाळी चालत गेले. कुत्री भुंकली तशी पालातून त्याची आजी बाहेर आली आणि मला बघून तिचा पहिला प्रश्न, "बाई, पोलीस मागून येत्यात का?" मी नाही म्हटलं तरी ती रस्त्याकडेच बघत होती. मग कळलं की गुरुवारी राजूने घरी सांगितल्यावर त्याचा बाप आणि चुलता तीन रात्री पालावर झोपलेच नव्हते, उसाच्या फडात होते. भांडीकुंडी अर्धी बांधून ठेवलेली. पैसे सापडले हे राजूने सांगितलं होतं, पण त्याची आई म्हणाली, सापडल्यावर बी कुणीतरी लागतंच की बाई त्यांना. मी हे लिहितानाही हात थरथरतोय. माझ्यासाठी ती पंधरा-वीस पावलं होती, त्यांच्यासाठी तीन रात्री.

राजू मागे शेळीच्या पिलाला धरून बसला होता. मी त्याच्यासमोर खाली बसले आणि गुरुजींनी सांगितलं तसं बोलले, पैसे मी हजेरीपटात ठेवले होते, मला आठवलं नाही, आणि कोणालाही न विचारता मी तुझ्याकडे चालत आले, ते माझं चुकलं. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग विचारलं, "बाई, सगळे होते का? मोजले का?" मी म्हटलं मोजले, ३,४०० पूर्ण. त्याने मान हलवली. वर्गात सांगू का विचारलं तर म्हणाला सांगा, पण ३,४०० पूर्ण होते हे पण सांगा.

सोमवारी तो आला. मी त्याच्या बाकाशी उभं राहून सांगितलं, ३,४०० पण सांगितले. वर्ग चिडीचूप. मग एक मुलगी उठून म्हणाली, "बाई, मी पण त्याच्याकडेच बघितलं होतं." नियम फळ्याच्या कोपऱ्यात लिहिलाय. तुकड्यांचा धडा पुढच्या आठवड्यात सुरू करणार, भूगोलापासून.

अजून एक सापडलं ते लिहिल्याशिवाय राहवत नाही. सोमवारी दुपारी सहलीची यादी पुरी करायला घेतली. जी मुलं दौलताबादला येणार आहेत त्यांच्यापुढे रक्कम, जी येणार नाहीत त्यांच्यापुढे मी "नाही" लिहिलेलं. राजूच्या नावापुढचा रकाना कोरा. म्हणजे तीस जणांना मी विचारलं होतं, त्याला विचारलंच नव्हतं, तो येणार नाही हे मी धरूनच चालले होते, आणि हे तर घाईतही केलेलं नाही, ती यादी मी घरी निवांत बसून केली होती.

शाळा सुटताना त्याला विचारलं, किल्ला बघायला येतोस का, पैशाचं नंतर बघू. आईला विचारून सांगतो म्हणाला.